आपली हानी : नाही

१७ फेब्रुवारी १९५७, रविवार

आजपासून ही वही. यात फक्त कामापुरतं लिहायचं, रडगाणी नाहीत.

चर्च सुटल्यावर कर्नलसाहेब रोडेवाल्ड स्वतः घरी आले. आमच्या वाखोल्डर डिव्हिजनचा इतिहास लिहायचं काम माजी सैनिकांच्या मंडळानं माझ्यावर सोपवलं आहे. सप्टेंबरच्या मेळाव्यात हस्तलिखित वाचून दाखवायचं, नाताळपर्यंत पुस्तक छापायचं. साहेब म्हणाले, "क्रॉइडर, डिव्हिजनचा रोजनामा तीन वर्षं तुम्ही टाइप केलात. तुमच्याशिवाय कोण लिहिणार?" मी संकोचलो, पण खोटं का बोलू, छाती फुगली.

मूळ रोजनामा अमेरिकनांनी नेला. पण सतरा महिन्यांच्या कार्बन प्रती चरबीच्या रिकाम्या डब्यात घालून मी शेवटच्या रजेवर घरी आणल्या होत्या, हे साहेबांना ठाऊक आहे. या तीन वर्षांच्या टायपिंगमध्ये माझी एकही चूक निघालेली नाही, हे इथे एकदा नमूद करून ठेवतो.

जाता जाता साहेब म्हणाले, की आमच्या शाळेच्या मुख्याध्यापकाची जागा शरद ऋतूत रिकामी होते आहे आणि जिल्ह्याच्या शाळा समितीवर ते आहेतच. योगायोग चांगला आहे.

वाल्लीला सांगितलं. ती बटाटे सोलत होती. तिनं विचारलं, "सगळं लिहिणार?"

"सगळं म्हणजे?"

"तिकडच्या बायकांबद्दलसुद्धा?"

मी म्हटलं, परिचारिकांवर अर्धं प्रकरण नक्की असेल. तिनं माझ्याकडे बघितलं आणि कोळसा आणायला तळघरात गेली. कोळशाची बादली भरलेलीच होती.

२४ फेब्रुवारी

पहिलं प्रकरण पूर्ण. १९४०च्या हेमंतात डिव्हिजन कशी उभी राहिली, आपल्या ऱ्योन डोंगरातली पोरं कशी एकत्र आली, खांद्यावरच्या चिन्हात हपुषाची फांदी का (वाखोल्डर म्हणजे हेच झुडूप). हात सुरेख चालला. 'ओबडधोबड पण इमानी' हे शब्द साहेबांना फोनवर वाचून दाखवले, फार आवडले.

वाल्लीनं आपलं अंथरूण शिवणाच्या खोलीत नेलं. टाइपरायटरचा आवाज होतो म्हणाली. मी तर रात्री टाइप करतच नाही.

१० मार्च

जुन्या सोबत्यांची पत्रं येऊ लागली. एकानं आपली घोडी लोटे हिच्यावर सहा पानं लिहून पाठवली आहेत. ती फ्रान्समध्ये एका महापौराला चावली होती. दुसरा म्हणतो, त्याचं सार्जंट म्हणून बढतीचं पत्र वाटेत हरवलं, तेव्हा निदान पुस्तकात तरी त्याला सार्जंट म्हणावं.

दोन गल्ल्या पलीकडे राहणारा काश्पर होमान, आमचा बेकरीवाला, काही लिहीत नाही. तो आमच्या स्टाफची गाडी चालवायचा. त्याला किती तरी ठाऊक असेल. मी दुकानात गेलो, की तो पाठीमागे भट्टीकडे जातो आणि त्याची बायको पाव देते. आज मी मोठ्यानं हाक मारली, "काश्पर, आठवणी दे की रे!" आतून उत्तर आलं, "पीठ फुगलंय माझं!" अबोल माणूस आहे.

वर्गात लिखाणाची गोष्ट निघाली तेव्हा पहिल्या बाकावरच्या गेर्लिंदेनं विचारलं, "मास्तर, तुम्ही लढाईत काय करत होतात?" म्हटलं, "टायपिंग." सगळा वर्ग हसला. मीही हसलो.

२ एप्रिल

प्रकरण सातवं. पूर्व आघाडी, हिवाळा १९४३. डोकं दुखतंय. टिपणांची कार्डं पुन्हा वर्णानुक्रमे लावली.

४ एप्रिल

डोकं दुखतंय. खिडक्या पुसल्या. सगळ्या.

७ एप्रिल

सातवं प्रकरण तूर्त बाजूला ठेवून आठवं घेतलं. इतिहासकारानं क्रम पाळलाच पाहिजे असं नाही.

१३ एप्रिल, शनिवार

दुपारी श्ट्यूबिंगबाई आल्या. गिरणीजवळच्या विधवा, सत्तरीच्या आत-बाहेर. वाल्लीनं कॉफी केली. बाईंनी पिशवीतून एक कागद काढला. घड्यांवर फाटू नये म्हणून मागून पातळ कापड चिकटवलेलं. त्यांचा एमिल स्टाफच्या पहारा कंपनीत होता, वीस वर्षांचा. हे पत्र रोडेवाल्डसाहेबांनी, तेव्हा ते मेजर होते, स्वतःच्या हातानं लिहिलेलं: 'आपला पुत्र ११ मार्च १९४३ रोजी ल्युबिन्का येथे शत्रूच्या टोळ्यांशी लढताना छातीत गोळी लागून तत्काळ वीरगतीस प्राप्त झाला.'

बाई म्हणाल्या, "मास्तर, तुमच्याकडे त्या दिवसाचा कागद आहे म्हणतात. तो कुठल्या बाजूला पडला, कुणाच्या शेजारी, एवढं बघून सांगा. मला फुलं ठेवायला जागा नाही. निदान मनात तरी जागा पाहिजे."

मी म्हटलं, अगदी सोपं आहे, बघून सांगतो.

पत्र मनात वाचताना 'ल्युबिन्का' एवढंच माझ्या तोंडून बाहेर पडलं, तेव्हा वाल्लीच्या हातून चमचा पडला. तो उचलायलाही ती थांबली नाही. काही न बोलता उठून परसात गेली. श्ट्यूबिंगबाईंसमोर मला ओशाळवाणं झालं.

१४ एप्रिल

डबा उघडला. ११ मार्चची कार्बन प्रत जशीच्या तशी उतरवतो:

'ल्युबिन्का गाव टोळ्यांपासून मुक्त केले. ठार शत्रू : ११८. जप्त शस्त्रे : रायफली ३. आपली हानी : नाही.'

नाही.

म्हणजे एमिल श्ट्यूबिंग त्या दिवशी लढाईत पडलेला नाही. किंवा मी चूक टाइप केली. मी चूक टाइप करत नाही.

पुढचे आठ दिवस तपासले. १२ मार्चला पहारा कंपनीच्या संख्येत एक कमी दाखवला आहे. कारणाची जागा कोरी. कोरी जागा मी कधी सोडत नसे. सोडायला सांगितली असेल तरच.

१८ मे

महिनाभर इथे काही लिहिलं नाही. श्ट्यूबिंगबाई दोनदा रस्त्यात भेटल्या. मी पलीकडच्या फुटपाथवर गेलो. हेही नमूद करतो.

आज कर्नलसाहेबांकडे गेलो. त्यांनी नवं फाउंटन पेन भेट दिलं, टोक सोन्याचं. मी एमिलचं विचारलं. ते हसून म्हणाले, "अहो, गडबडीत तुमच्या हातून राहिलं असेल. कारकुनी चूक. दुरुस्त करून टाका: आपली हानी, एक. त्या म्हाताऱ्या आईला बरं वाटेल."

"माझ्या हातून राहत नाही, साहेब."

"माणूस आहात, क्रॉइडर." मग माझ्या खांद्यावर हात ठेवून, "आणि ते गाव दोन ओळींत उरका. कुठल्या तरी दलदलीतलं खेडं. वाचकाला काय त्याचं? मुख्याध्यापकपदासाठी तुमचं नाव मी बुधवारी पुढं केलं बरं का."

घरी येईपर्यंत माझे कान तापले होते. चूक म्हणे! साहेबांचा माझ्यावर इतका लोभ, आणि ते मला चूक म्हणतात. हेच मनाला लागलं, दुसरं काही नाही.

२६ मे, रविवार

बेकरी बंद असते म्हणून मुद्दाम आज गेलो. काश्पर मागच्या अंगणात तवे घासत होता.

"पाव नाही आज."

"मला एमिल श्ट्यूबिंग हवाय," मी म्हटलं.

त्यानं तवा ठेवला. बराच वेळ हात पुसत राहिला. मग म्हणाला, "जा घरी, अन्सेल्म. तुला ते नकोय."

"त्याच्या आईला हवंय."

"तिला काय सांगशील? तुझं ते छान छान पुस्तक? 'ओबडधोबड पण इमानी'? कर्नल बाजारभर वाचून दाखवत हिंडतोय." तो थुंकला, पण बाजूला. "पुढच्या रविवारी ये. आज माझी लेक यायचीय, मला पोटात जेवण ठेवायचंय."

२ जून

गेलो. काश्परनं सांगितलं ते त्याच्याच शब्दांत लिहितो. मी काही घातलं नाही.

"सकाळी गाव वेढलं. टोळीवाले कुठले? ते आदल्या दिवशीच जंगलात गेलेले. म्हातारे होते, बाया होत्या, पोरं होती. शाळेत कोंडली सगळी. एमिल शाळेच्या दारावर उभा होता. त्यानंही गोळ्या झाडल्या, अन्सेल्म. तो देवदूत होता असं नको सांगूस तिला. सगळ्यांनी झाडल्या. मग शाळा पेटवली. दुपारी सूप वाटलं. एमिलनं सूप घेतलं नाही. संध्याकाळी विहिरीच्या मागं गेला आणि रायफलीची नळी स्वतःच्या छातीला लावली. मीच खड्डा खणला. अल्डरच्या झाडांखाली, ओढ्याच्या वरच्या अंगाला. बर्फाखाली जमीन लोखंडासारखी. हा हात तेव्हापासून थरथरतो. लोक म्हणतात, पीठ मळून."

मी विचारलं, "तुला इतकं सविस्तर कसं ठाऊक? तू तर गाडीत असशील."

तो माझ्याकडे बघतच राहिला. "मी गाडीत होतो. आणि मागच्या सीटवर कोण होतं रे?"

मी म्हटलं, आठवत नाही.

"आठवत नाही!" तो म्हणाला. त्याच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं. "मांडीवर वही घेऊन बसलेला. मेजर आकडे सांगत होता, तू लिहीत होतास. बोटं गारठली म्हणून माझे हातमोजे मागून घेतलेस."

९ जून

हातमोजे राखाडी लोकरीचे होते. उजव्याच्या अंगठ्याला भोक.

१० जून

आठवत नाही, हे मी काश्परला सांगितलं ते खरं नव्हतं. या वहीलाही आजवर खरं सांगितलं नाही.

मी गाडीतून उतरलो नाही. पण काचेतून शाळा दिसत होती. दाराबाहेर भिंतीला काळा फळा टेकवून ठेवलेला, कुणी तरी आतून बाहेर आणलेला. त्यावर खडूनं अक्षरं काढलेली होती. आमच्याकडे पहिलीला काढतात तशी, मोठी, गोल. मी तेव्हाही मास्तरच होतो. अक्षर चांगलं आहे असं माझ्या मनात आलं. हेच आलं. मग मी खाली बघून आकडे लिहिले.

ठाण्यावर परतल्यावर टाइप करताना मी विचारलं होतं, "मेजरसाहेब, ठार एकशे अठरा, आणि रायफली फक्त तीन? आकडा तपासायचा का?" ते म्हणाले, "टाइप करा." मी टाइप केलं. एकही खाडाखोड नाही.

२३ जून

सातवं प्रकरण लिहितोय. एका पानाचे नऊ खर्डे झाले. 'करण्यात आले' हे शब्द आपोआप येतात: वेढण्यात आले, कोंडण्यात आले, पेटवण्यात आले. करणारा माणूसच नाही, सगळं आपसूक घडल्यासारखं. मुलांच्या निबंधात मी असल्या वाक्यांना लाल रेघ मारतो. दहाव्या खर्ड्यात प्रत्येक वाक्याला कर्ता दिला. आम्ही वेढलं. आम्ही कोंडली. मी लिहून घेतलं.

साधनं म्हणून खाली तीन नोंदी: कार्बन प्रत, काश्पर होमानची साक्ष, आणि माझी.

२५ जून

पान टेबलावर ठेवून शाळेत गेलो होतो. परत आलो तर वाल्ली स्वयंपाकघरात पान हातात घेऊन बसलेली. डोळे सुजलेले.

"अन्सेल्म, ल्युबिन्का गाव आहे?"

"मग काय? लिहिलंय की."

ती हसायला लागली, आणि हसता हसता रडायला. मला वाटलं तिला काही झालं. पाणी दिलं. मग ती बोलली. कैदेतून घरी आल्यापासून अकरा वर्षं मी झोपेत हे नाव घेतो. कधी कुजबुजून, कधी ओरडून. "मला वाटलं बाई आहे! तिकडं कुणी तरी होती आणि तू तिला विसरू शकत नाहीस. अकरा वर्षं मी त्या बाईशी भांडतेय. कशी दिसत असेल, केस कसे असतील. मी तिच्यासाठी लांब केस वाढवले, मूर्खा!"

"मला का नाही विचारलंस?"

"तू का नाही सांगितलंस?"

तिनं पान पुन्हा वाचलं, हळूहळू, ओळीखाली बोट ठेवून. मग म्हणाली, "बाई असती तर बरं झालं असतं." नंतर चुलीवर बटाटे ठेवले. जेवताना ती माझ्यासमोर न बसता शेजारी बसली.

ती माफ करतेय की काय करतेय, मला कळत नाही. अंथरूण अजून शिवणाच्या खोलीत आहे. पण दार उघडं आहे.

७ जुलै

काश्पर आणि मी श्ट्यूबिंगबाईंकडे गेलो. वाल्लीही आली, कुणी न बोलावता. काश्परनं सगळं सांगितलं, दारावरचं, गोळ्यांचं, विहिरीमागचं. त्याच्या हाताची थरथर टेबलाला लागत होती, कप वाजत होते.

बाई ताठ बसून ऐकत होत्या. शेवटी म्हणाल्या, "ओढ्याच्या वरच्या अंगाला?"

"हो. तीन झाडं होती."

"अल्डरचं खोड तोडलं, की लाल होतं," त्या म्हणाल्या. मग, "ते मेजरचं पत्र मी चौदा वर्षं वाचतेय. त्यातला मुलगा माझ्या ओळखीचा नव्हता. एमिलला कोंबडीसुद्धा मारता यायची नाही, मी म्हणायचे, हा लढला कसा? आता तुम्ही म्हणता त्यानं माणसं मारली." काश्पर काही बोलायला गेला, पण त्यांनी हात वर करून त्याला थांबवलं. "आणि मग त्याला ते सोसलं नाही. हा माझा आहे. वाईट असला तरी हा माझा आहे."

मी म्हटलं, "बाई, पुस्तकात त्याचं नाव गाळता येईल."

"मास्तर, गाळलंत तर याद राखा," त्या म्हणाल्या.

१० ऑगस्ट

कर्नलसाहेबांना सातवं प्रकरण दिलं होतं. आज बोलावणं आलं. यावेळी बसा म्हणाले नाहीत.

"तुमची प्रकृती बरी नाही, क्रॉइडर."

"बरी आहे."

"तुम्ही स्वतःलाही गोवलंय यात. कळतंय का?"

"कर्ता लागतो, साहेब, वाक्याला."

ते लाल झाले. म्हणाले, आपल्या मेलेल्या सोबत्यांच्या तोंडाला मी काळं फासतोय. त्यांच्या पोराबाळांनी मान वर कशी करायची? हे मला लागलं, कारण मीही हाच विचार करतो. वर्गातल्या सहा मुलांचे बाप आमच्या डिव्हिजनमध्ये होते, आणखी दोघांचे काका परतले नाहीत. पण मग मला फळ्यावरची ती अक्षरं आठवली. तीही मुलंच होती. मी गप्प राहिलो. साहेबांना वाटलं मी वरमलो.

"ते पान काढा. तुमच्या मुख्याध्यापकपदाचं पत्र माझ्या टेबलावर सहीसाठी आहे."

साहेबांना माझी किती काळजी, असं मी फेब्रुवारीत या वहीत लिहिलं असतं. माणूस किती बावळट असू शकतो, याला सीमा नाही. पेन त्यांच्या टेबलावर ठेवून आलो. पेन चांगलं होतं, हेही खरं.

२८ सप्टेंबर, शनिवार

मेळावा. क्रमानं लिहितो, नाही तर काही सुटेल.

सोनेरी मेंढ्याच्या खानावळीचं वरचं सभागृह. साठ-सत्तर माणसं, सफरचंदाची वाइन, सॉसेज, सिगारचा धूर. घोडीवाला आला होता. बायकांना सहसा बोलवत नाहीत; तरी वाल्ली आणि श्ट्यूबिंगबाई येऊन पहिल्या रांगेत बसल्या, पर्स मांडीवर घेऊन. त्यांना उठवायचं कुणाला धैर्य झालं नाही.

पहिली तीन प्रकरणं वाचली. टाळ्या. लोटेच्या चावण्याला सगळ्यांत जास्त. मग मी सातवं काढलं. कर्नलसाहेब उठून म्हणाले, "मित्रहो, वेळ झाला आहे, इथे थांबू." मी वाचायला सुरुवात केली. माझा आवाज मोठा नाही, पण बावीस वर्षं वर्गाच्या शेवटच्या बाकापर्यंत पोचवलेला आहे.

पान एकच आहे. संपेपर्यंत ग्लासांचा आवाज थांबला होता. मग मागून कुणी तरी ओरडलं, "खोटं!" दुसरा म्हणाला, "घरभेदी!" खुर्च्या सरकल्या. साहेब शांतपणे म्हणाले, "क्रॉइडरना हे कुणी सांगितलं ठाऊक नाही. मंडळातल्या एकानंही असं काही पाहिलेलं नाही. बरोबर ना?" आणि त्यांनी सभागृहभर नजर फिरवली. ती नजर मी ओळखतो. ती फिरली, की माणसं आपल्या बुटांकडे बघतात. सगळ्यांनी बघितलं.

मी काश्परला शोधलं. तो दाराशी उभा होता, मान खाली. माझ्या मनात आलं, संपलं. त्याच्या दुकानात हेच सगळे पाव घेतात. त्यानं का बोलावं?

तो म्हणाला, "चूक आहे."

सभागृह त्याच्याकडे वळलं. साहेबांच्या चेहऱ्यावर हसू आलं. "बघा. होमान स्वतः गाडी चालवत होते."

"चूक आहे," काश्पर पुन्हा म्हणाला आणि चालत पुढे आला. "मास्तरनं लिहिलंय, विहीर शाळेच्या उजव्या अंगाला. डावीकडं होती विहीर. मी तिथं गाडी उभी केली होती. दुरुस्त कर, अन्सेल्म. डावीकडं."

मला क्षणभर कळलंच नाही. मग मी शिसपेन्सिल काढली, 'उजव्या' खोडलं, 'डाव्या' लिहिलं. साठ माणसांसमोर पेन्सिलीचा आवाज ऐकू आला.

"आणि बर्फ पडत नव्हतं," खिडकीजवळून कुणी तरी बोललं. तो घोडीवाला होता. त्याच्या हातात अजून सॉसेजचा काटा होता. "बर्फ आदल्या दिवशी थांबलं होतं. उजेड होता चांगला. म्हणूनच तर... सगळं दिसत होतं." तो खाली बसला आणि काटा कुठे ठेवावा हे त्याला समजेना.

"आणि ते सूप सकाळचं उरलेलं होतं," तिसरा म्हणाला. "मी वाटलं."

साहेबांनी टेबल ठोकलं. बहुतेक लोक त्यांच्यामागे निघून गेले. जाताना दोघांनी माझ्याकडे बघून तोंड फिरवलं. राहिले ते मी मोजले: अकरा. त्यांत सगळेच काही बोलले नाहीत. एक जण नुसता भिंतीकडे तोंड करून उभा होता. पण गेला नाही.

श्ट्यूबिंगबाई उठल्या, घोडीवाल्याजवळ गेल्या, त्याच्या हातातला काटा काढून टेबलावर ठेवला आणि विचारलं, "तुम्ही माझ्या एमिलला ओळखत होतात?"

३ ऑक्टोबर

मुख्याध्यापकपदी दुसऱ्या गावच्या एका गृहस्थांची नेमणूक झाली. मी चौथीलाच. मंडळ इतिहास दुसऱ्या कुणाकडून लिहून घेणार; साहेबांचं तसं दोन ओळींचं पत्र आलं. पहिली सहा प्रकरणं त्यांना हवी तर घेऊ देत. सातवं माझ्याकडे आहे.

काश्परच्या दुकानात गिऱ्हाईक कमी झालंय. मी विचारलं तर म्हणाला, "बरं झालं, हाताला आराम." श्ट्यूबिंगबाई गिरणीपासून चालत येऊन रोज एक पाव नेतात, एकट्या बाईला कसला लागतोय रोज एक.

कासेलच्या सरकारी वकिलांच्या कचेरीला साक्ष द्यायला काश्पर, घोडीवाला आणि मी, आम्ही तिघं तयार आहोत असं पत्र टाकलं. त्यात माझंही नाव, लिहून घेणारा म्हणून. पुढे काय होईल ठाऊक नाही. भीती वाटते. टपालपेटीपर्यंत वाल्ली सोबत आली आणि पत्र तिनं टाकलं, कारण मी पेटीसमोर जरा जास्तच वेळ उभा राहिलो.

६ ऑक्टोबर, रविवार

वाल्लीनं मोठा तवाभर आलुबुखाराचा केक केला. आमच्या स्वयंपाकघरात वाल्लीशिवाय पाच माणसं: काश्पर, घोडीवाला, सूप वाटणारा, श्ट्यूबिंगबाई, मी. टेबलावर मोठा कागद पसरून गावाचा नकाशा काढायला बसलो. भांडणं झाली. घोडीवाला म्हणतो एकतीस घरं, काश्पर म्हणतो चौतीस. ओढ्यावरचा पूल लाकडी की नुसत्या ओंडक्यांचा, यावर पाऊण तास गेला. वाल्ली मागून वाकून बघत होती, हाताला पीठ. एकदम म्हणाली, "घरांचं काय घेऊन बसलात? घरात कोण होतं?"

आम्हाला ते ठाऊक नाही. एकशे अठरा माणसं, आणि आम्हाला एकाचंही नाव ठाऊक नाही. माझ्या हातून आकडा तेवढा बिनचूक टाइप झाला.

काश्परनं डोळे मिटले. पोळलेल्या, जाड बोटांनी कपाळ चोळत राहिला. "त्याआधी दहा दिवस," तो म्हणाला, "गाडी बर्फात रुतली होती. एक म्हातारा बैल घेऊन आला, ओढून दिली. वर तांब्याभर दूध दिलं मला. स्वतःच्या छातीवर बोट ठेवून नाव सांगितलं त्यानं. मी पण सांगितलं, काश्पर. तो हसला, त्याला म्हणता येईना." तो थांबला. "साव्का. साव्का म्हणाला तो."

"कुठलं घर?" वाल्लीनं विचारलं.

"ओढ्याकडून दुसरं. निळी खिडकी."

मी नवा कागद घेतला. वर लिहिलं: ल्युबिन्काची माणसं. खाली एक आकडा, आणि त्यापुढे: साव्का, म्हातारा, ओढ्याकडून दुसरं घर, त्याच्याकडे बैल होता. मग दुसरा आकडा घातला, पुढची जागा मोकळी ठेवली, आणि सगळ्यांकडे बघितलं. घोडीवाला खुर्ची पुढे ओढून म्हणाला, "थांबा जरा. एक पोरगी होती, घोड्यांना भीत नसे ती..."